पणजी रेडिओचा इतिहास आपण अर्धाच सांगतो

पणजी आकाशवाणीवर लिहिलेलं जे जे हाती येतं, त्याची मांडणी ठरलेली असते. १९४६ साली पोर्तुगीज सरकारनं छोटं प्रक्षेपण सुरू केलं, पुढे त्याचीच 'एमिसोरा द गोवा' झाली, १९ डिसेंबर १९६१ ला गोवा मुक्त झाला आणि जानेवारी १९६२ मध्ये आकाशवाणीनं काम हाती घेतलं. दुसऱ्या लेखात, अगदी वेगळ्या सुरात, आंबोलीच्या रानातल्या रेडिओची शौर्यगाथा. हे दोन लेख एकमेकांना कधी भेटत नाहीत. माझा आक्षेप इथेच आहे. ऐकणारा माणूस तर एकच होता ना? घरातला रेडिओही एकच. बटण थोडं फिरवलं की सरकार, आणखी थोडं फिरवलं की सरकारविरोधी आवाज.

वामन सरदेसाई आणि लिबिया लोबो यांचं 'व्हॉइस ऑफ फ्रीडम' २५ नोव्हेंबर १९५५ ला सुरू झालं. ही तारीख सगळे देतात, पण तिच्या आधीचे तीन महिने कुणी सांगत नाही. १५ ऑगस्टला सत्याग्रहींवर गोळीबार झाला, राजनैतिक संबंध तुटले, सीमेवरची ये-जा बंद झाली, कॅसलरॉकहून कुळेकडे उतरणारी गाडी थांबली. आत वर्तमानपत्रांवर सेन्सॉर होताच. माणूस जाईना, कागद जाईना, अशा वेळी सीमा न विचारता पलीकडे जाणारी एकच गोष्ट उरते, ती म्हणजे लहर. म्हणजे हा रेडिओ कुणाला सुचलेली नामी कल्पना नव्हती. बाकीच्या वाटा बुजल्या म्हणून उरलेली ती वाट होती. असं लिहिल्यानं त्या दोघांचं मोठेपण कमी होत नाही. उलट, जवळजवळ सहा वर्षं रानात राहून रोज बातम्या मिळवायच्या, लिहायच्या, वाचायच्या, हे काम किती कंटाळवाणं आणि चिवट असणार ते कळतं. आपल्या गौरवलेखांत साप, पाऊस, एकांत हे सगळं येतं. रोजचं बातमीपत्र तयार करण्याचे कष्ट मात्र येत नाहीत.

आणखी एक शब्द मला खटकतो, 'भूमिगत'. आंबोली काय आणि नंतरचं कॅसलरॉक काय, दोन्ही जागा भारतीय हद्दीत. पोर्तुगीज पोलिसांचा हात तिथे पोचत नव्हता. ट्रान्समीटर ही लपवायची वस्तूच नाही हो. तो सुरू झाला की स्वतःचा पत्ता स्वतःच ओरडून सांगतो. दोन-तीन ठिकाणांहून दिशादर्शक अँटेना फिरवा, रेषा जिथे छेदतात तिथे केंद्र. शिवाय भारतात विनापरवाना प्रक्षेपण हा गुन्हा. तरीही केंद्र इतकी वर्षं चाललं, याचा सरळ अर्थ दिल्लीनं डोळेझाक केली किंवा त्याहून थोडं जास्त काही केलं. तेव्हा गुप्तता होती ती राजकीय सोयीची. हे उघड लिहायला आपण का कचरतो, समजत नाही.

एमिसोराच्या बाबतीत उलटी चूक होते. ती परक्यांची, म्हणून दोन ओळींत उरकायची. पण तिच्यावरून पोर्तुगीजबरोबर कोंकणी आणि मराठीही ऐकू येत होती. १८ डिसेंबर १९६१ ला भारतीय हवाई दलाच्या सहा हंटर विमानांनी बांबोळीच्या वायरलेस स्टेशनवर रॉकेटं डागली, आणि लिस्बनशी बोलायला पणजीला 'आफोंसो द आल्बुकेर्क' या युद्धनौकेच्या यंत्रावर विसंबावं लागलं. पहिल्याच सकाळी विमानं तिथे गेली, यावरून रेडिओ किती महत्त्वाचा मानला जात होता ते दिसतं.

आता आपल्या मंडळींना न रुचणारी गोष्ट. रानातला रेडिओ बोलायचा कोंकणी आणि पोर्तुगीज. मराठी नाही. मुक्तिलढ्याच्या मराठी इतिहासात त्याला सहज 'आपला' म्हणून ओढलं जातं, आणि भाषेचा तपशील गाळला जातो. १६ जानेवारी १९६७ चा जनमत कौल आणि त्यानंतरचा राजभाषेचा वाद ज्यांनी पाहिला, त्यांना हा तपशील किती जड आहे ते सांगायला नको. मराठीचा वाटा दाखवायचाच असेल तर तो खऱ्या जागी दाखवा. २ ऑक्टोबर १९५३ ला पुणे केंद्र सुरू झालं. बा. भ. बोरकर १९५५ पासून १९७० पर्यंत आकाशवाणीत होते, आधी पुण्यात, मग पणजीत. मराठी आणि कोंकणी दोन्हींत तोलामोलाची कविता लिहिणारा माणूस मुक्तीनंतरच्या पणजी केंद्रात बसून काय घडवत होता, यावर एक नीट निबंध व्हायला हवा. त्या वर्षांतली कार्यक्रमपत्रकं समोर ठेवून कुठल्या भाषेला किती मिनिटं आणि कुठली वेळ मिळाली, सकाळची की रात्रीची, एवढं जरी कुणी मांडलं तरी आजवरच्या सगळ्या गौरवलेखांपेक्षा ते जास्त कामाचं ठरेल.