वागळ्यांच्या घरातील राधिका

नायक-नायिकांवर समीक्षक पाने भरभरून लिहितात. चरित्र अभिनेत्रीच्या वाट्यास बहुधा श्रेयनामावलीतील एक ओळ येते. भारती आचरेकर यांचे नाव घेतले की आमच्या मंडळातील कित्येक जण क्षणभर आठवत बसतात. ‘वागळ्यांची राधिका’ म्हणताच मात्र सर्वांच्या मुद्रेवर ओळख उमटते. या विस्मरणात अभिनेत्रीचा गौरव आहे तसाच तिच्यावरील अन्यायही आहे, असे आम्हांस वाटते.

१९८८ साली दूरदर्शनवर ‘वागले की दुनिया’ सुरू झाली. पात्रे आर. के. लक्ष्मण यांच्या कल्पनेतील, दिग्दर्शन कुंदन शाह यांचे. वागळे झालेले अंजन श्रीवास्तव मराठी नव्हेत. त्यामुळे त्या घराचे मराठीपण पेलण्याचा भार राधिकेवर आला. हिंदी पडद्यावर मराठी स्त्री म्हणजे बहुधा धुणेभांडी करणारी बाई, असा प्रघात होता. राधिकेने तो मोडला, तोही गाजावाजा न करता. तिच्या हिंदीला मराठी वळण होते, पण ते हशा मिळविण्यासाठी ताणलेले नव्हते. ग्वाल्हेरच्या आमच्या घरात माता-भगिनी शेजारणींशी तसेच बोलत. आमची बोली थट्टेचा विषय न होता पडद्यावर आली, याचे समाधान परप्रांतात पिढ्या काढलेल्यांनाच कळावे.

सुप्रसिद्ध गायिका माणिक वर्मा यांच्या या कन्या. सुरांचे संस्कार त्यांच्या उच्चारांत उतरले असावेत, असे आमचे अनुमान आहे. त्याची साक्ष २०१३ च्या ‘द लंचबॉक्स’मध्ये मिळते. रितेश बत्रा यांच्या या चित्रपटातील देशपांडे आंटी पडद्यावर एकदाही दिसत नाहीत. वरच्या मजल्यावरून त्यांचा आवाज येतो आणि दोरीला बांधलेली टोपली खाली उतरते. अनेक वर्षे अंथरुणाला खिळलेला पती, त्याची छताच्या पंख्यावर खिळलेली नजर, आणि तरीही खालच्या इलाला मसाल्याची युक्ती सांगणारा तो प्रसन्न स्वर! करुणेचा उच्चारही न करता करुण रस कसा साधावा, याचा हा वस्तुपाठ होय.

२०२१ मध्ये वागळ्यांची पुढील पिढी घेऊन नवी मालिका आली. तीत राधिका आजी झाली. परंतु बोध करण्याच्या हव्यासात लेखनाने तिच्या मौनास फारशी जागा ठेवली नाही, असे आमचे स्पष्ट मत आहे. जुन्या राधिकेचे निम्मे बोलणे तिच्या नजरेत होते.

आपल्या घरांतून मराठी टिकली ती व्याख्यानांमुळे कमी आणि स्वयंपाकघरातील बोलण्यामुळे अधिक. त्या बोलण्याला प्रतिष्ठा देणाऱ्या अभिनेत्रीचे नाव तरी आपल्या नातवंडांना ठाऊक असावे, एवढ्यासाठीच हा लेखनप्रपंच.