मनाच्या श्लोकांतील ‘नको’

सिल्वासा येथे, दमणगंगेपासून जवळच असलेल्या एका देवळात, सायंकाळच्या आरतीनंतर मुले मनाचे श्लोक म्हणतात. कोणाच्या घरी मराठी बोलतात, कोणाच्या कोकणी, कोणाच्या गुजराती; परंतु भुजंगप्रयाताची चाल एकदा जिभेवर बसली की हा भेद राहत नाही. मध्यंतरी त्यांतील एका मुलाने पठण संपल्यावर विचारले, “क्रोध नको असे म्हटले की मला भांडणच आठवते. मग काय करावे?” “पुन्हा म्हण,” असे त्यास उत्तर मिळाले. मुलगा गप्प बसला. त्याचा प्रश्न मात्र आमच्याबरोबर घरी आला.

प्रश्न पोरकट नाही. अमेरिकेतील मानसशास्त्रज्ञ डॅनियल वेग्नर आणि त्यांचे सहकारी यांनी १९८७ साली प्रसिद्ध केलेला एक प्रयोग नेमका याच स्वरूपाचा आहे. काही तरुणांस त्यांनी सांगितले, की पाच मिनिटे मनात येईल ते बोला, मात्र पांढऱ्या अस्वलाचा विचार करू नका. आलाच तर घंटी वाजवा. घंटी पुनःपुन्हा वाजत राहिली. इतकेच नव्हे, तर पुढे अस्वलाचा विचार करण्याची मोकळीक मिळताच, आधी तो दडपणाऱ्यांच्या मनात तो अधिकच उसळून आला. वेग्नर यांनी नंतर याची उपपत्ती मांडली ती अशी: विचार टाळताना मनात दोन व्यापार चालतात. एक दुसरा विषय शोधतो. दुसरा, नको असलेला विचार आला की काय, यावर पहारा ठेवतो. पहारेकऱ्यास चोर ओळखावयाचा तर त्याचा चेहरा सतत डोळ्यांपुढे ठेवणे भाग पडते. मन थकले, की शोधणारा ढिला पडतो आणि पहारेकरी तेवढा जागा राहतो.

मग समर्थांचा उपदेश फसवा म्हणावयाचा काय? या २०५ श्लोकांचा प्रारंभच जरा सावकाश वाचून पाहावा. दुसऱ्या श्लोकात निंद्य ते सोडावयास सांगितले आहे, परंतु लगेच वंद्य ते करावयासही. चौथ्यात पापबुद्धीचा निषेध आहे, पण अखेरीस अंतरी सारविचार राहू दे असे म्हटले आहे. पाचव्यात पापसंकल्प टाकून सत्यसंकल्प धरावयाचा आहे. टाकण्याजोगे प्रत्येक ठिकाणी घेण्याजोग्यासह येते. या सर्वांच्या मध्ये तिसरा श्लोक प्रभातकाळच्या रामचिंतनाचा आहे. मनास राहावयास घर तेथेच मिळून गेले आहे. सहावा श्लोकच तेवढा निव्वळ निषेधाचा. त्याचे चारही चरण ‘नको’ने सुरू होतात. तो एकटा उचलला, तर त्या मुलाची तक्रार रास्त ठरते, आणि आम्ही थोरली माणसे नेमका तोच मुलांकडून सर्वांत मोठ्याने म्हणवून घेतो! पुष्कळ प्रवचनांतून हा ग्रंथ मनाईची यादी म्हणून सांगितला जातो, त्याचे मूळ या उचलेगिरीत आहे.

वेग्नर यांच्या प्रयोगाचा उत्तरार्धही येथे जमेस धरला पाहिजे. काहींना त्यांनी सांगितले, की अस्वल आठवलेच तर त्याऐवजी एका तांबड्या फोक्सवॅगन मोटारीचा विचार करा. या मंडळींच्या मनात अस्वलाची नंतरची उसळी कमी झाली. मन एका ठराविक विषयाशी बांधले, की दडपणुकीची किंमत उतरते.

यावरून नामस्मरणास विज्ञानाची मोहोर मिळाली असे कोणी म्हणू लागल्यास आम्ही त्यास सहमत नाही. मोटार कोणतीही चालली असती. भक्ताला राम ‘कोणताही’ चालत नाही. शिवाय क्रोध म्हणजे अस्वल नव्हे. त्याच्यामागे बहुधा एखादा खरा अन्याय उभा असतो, आणि तो श्लोक म्हटल्याने नाहीसा होत नाही.

गेल्या गुरुवारी आम्ही त्या मुलास दुसऱ्या श्लोकापासून सहाव्यापर्यंत सलग म्हणावयास सांगितले. त्याने न अडखळता म्हटले. भांडण आठवले काय, हे मात्र आम्ही जाणूनबुजून विचारले नाही.