शेजार म्हणजे ओळख नव्हे

बदलापूरच्या या व्याख्यानात आम्हाला एका लाडक्या वाक्याची चिकित्सा करायची आहे : ‘युरोपने ज्यूंना छळलं, आपण सांभाळलं.’ वाक्य खोटं नाही, पण अपुरं आहे.

बर्लिनच्या मोझेस मेंडेल्सनला १७८३ साली ‘जेरुसलेम’ लिहून पटवून द्यावं लागलं, की धर्माच्या नावाने सक्ती नको. कोकणातल्या बेने इस्रायलांवर ती वेळ आली नाही. शनिवारी तेलाचा घाणा बंद ठेवायचे, म्हणून गाव त्यांना ‘शनिवार तेली’ म्हणे. वल्हांडणाची हिब्रू पोथी त्यांनी १८४६ साली मुंबईत मराठी भाषांतरासह छापली. पुढे कीर्तनंही केली.

पण ‘तेली’ या शब्दाकडे नीट बघा. आपण त्यांना जागा दिली ती जातींच्या उतरंडीत. त्यांच्यातही ‘गोरे’ आणि ‘काळे’ झाले, आपसांत लग्नं होईनात. ही आपल्या शेजाराचीच देणगी नव्हे काय?

छळ न करणं म्हणजे ओळखणं नव्हे. ठाण्याला आपण लोकलने रोज जातो. तिथलं सिनेगॉग १८७९ सालचं आहे. आपल्यापैकी कितीजणांनी तिथे कुणाशी दोन शब्द बोललेत? आम्हीही फार उशिरा बोललो.