अल्काझींची तालीम आणि नटाची बोली

'तालीम' हा शब्द आपल्या घरात शिक्षणासाठी वापरला जातो, मराठी रंगभूमीवर नाटकाच्या सरावासाठी. इब्राहिम अल्काझी यांच्या कार्यात हे दोन्ही अर्थ एकत्र आले. तरीही मुस्लिम कलावंतांचा गौरव करताना आपण नटांची नावे घेतो, नट घडविणाऱ्याला विसरतो.

1925 साली पुण्यात एका अरब व्यापारी कुटुंबात अल्काझींचा जन्म झाला. घरात अरबी, शाळेत इंग्रजी आणि भोवती मराठी, अशा वातावरणात ते वाढले. लंडनच्या रॉयल अकॅडमी ऑफ ड्रॅमॅटिक आर्टमध्ये शिकून ते मुंबईत परतले. तेथे 'थिएटर युनिट'चे प्रयोग करताना त्यांनी शिकवणेही सुरू केले. विजया मेहता यांनी त्यांच्याकडे नाट्यशिक्षण घेतले, म्हणजे मराठी प्रायोगिक रंगभूमीच्या पायातही त्यांचा एक दगड आहे.

1962 ते 1977 या काळात ते दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयाचे संचालक होते. अभिनय ही केवळ उपजत देणगी आहे, हा समज त्यांनी मोडला. नटाने प्रकाशयोजना शिकावी, नेपथ्यासाठी हातोडा उचलावा, चित्रे पाहावीत, वेळ पाळावी, असा त्यांचा आग्रह होता. संचालक स्वतः स्वच्छतागृह साफ करीत, ही आठवण विद्यार्थ्यांनी सांगितलेली आहे. 'अंधा युग' त्यांनी 1963 साली फिरोजशाह कोटल्याच्या भग्नावशेषांत केले, तर 1974 साली 'तुघलक' पुराना किल्ल्यात. अशा जागी उभ्या राहणाऱ्या नटाला आवाज, चाल आणि अंतर यांचा हिशेब नव्याने मांडावा लागतो. जागा हीच तेथे शिक्षक होती.

मात्र या शिस्तीची मर्यादाही सांगितली पाहिजे. दिग्दर्शकाची नजर एवढी तीक्ष्ण असली की नट तिच्या चौकटीत नेमका बसतो, पण स्वतःचे काही शोधायला त्याला वाव कमी उरतो. त्यातच निरनिराळ्या भाषांची मुले तेथे मुख्यतः हिंदीतून अभिनय शिकत. स्वतःच्या बोलीत त्यांचे शरीर कसे बोलते, हा प्रश्न मागे राहिला.

येथे हबीब तन्वीर आठवतात. तेही लंडनच्या त्याच संस्थेत शिकायला गेले होते. छत्तीसगडच्या नाचा कलावंतांना त्यांनी आधी हिंदी बोलायला लावले, आखून दिलेल्या हालचाली दिल्या. नट अवघडले. आपली चूक ओळखून त्यांनी त्यांना छत्तीसगडीत मोकळे सोडले. 1975 चे 'चरणदास चोर' त्या मोकळेपणातून फुलले.

एकाच शाळेतून निघालेल्या या दोन वाटा. आपल्यासाठी हा प्रश्न जवळचा आहे. आपला मुलगा घरी दखनी किंवा कोकणी बोलतो आणि रंगमंचावर चढताच पुस्तकी मराठीच्या धाकाने आक्रसतो. मुलगी तर त्या मंचापर्यंत पोचतच नाही. त्यांना तन्वीरांचा मोकळेपणा हवाच. पण नुसती बोली म्हणजे अभिनय नव्हे. तिला मेहनतीची जोड लागते आणि ती अल्काझींकडून घ्यावी लागते.

2020 साली अल्काझी गेले. त्यांच्या नावाने एखादा सभागृहाचा फलक लागेलही. पण मोहल्ल्यातल्या एखाद्या शाळेत वेळेवर सुरू होणारी, मुलांच्या घरच्या बोलीत चालणारी तालीम हेच त्यांचे खरे स्मारक ठरेल.