जहाजावरून दिसलेला गोवा

इतिहासकाराची योग्यता पदव्यांवरून ठरवावयाची म्हटले, तर चार्ल्स राल्फ बॉक्सर (१९०४–२०००) यांच्याविषयी लिहिण्यासारखे फारसे उरत नाही. विद्यापीठात शिकून मिळविलेली एकही पदवी त्यांच्याजवळ नव्हती. सँडहर्स्टच्या लष्करी विद्यालयातून बाहेर पडलेला हा इंग्रज अधिकारी १९३० ते १९३३ या काळात जपानी भाषा शिकण्यासाठी जपानात राहिला, १९३६ पासून हाँगकाँगला लष्करी गुप्तवार्ता विभागात होता, डिसेंबर १९४१ च्या लढाईत जखमी होऊन डाव्या हाताने अधू झाला आणि १९४५ पर्यंत जपान्यांच्या कैदेत राहिला. १९४७ साली लंडनच्या किंग्ज कॉलेजने याच गृहस्थास पोर्तुगीज विद्येच्या कामोइंश अध्यासनावर बोलावले. मधली दोन वर्षे सोडली, तर १९६७ पर्यंत ते त्या पदावर होते. पुढे अमेरिकेत इंडियाना आणि येल येथेही त्यांनी अध्यापन केले.

हा माणूस ग्रंथसंग्रहातून घडला. हाँगकाँग पडल्यावर जपान्यांनी त्यांचा संग्रह जप्त करून टोकियोस नेला. युद्धानंतर त्यांनी तो शोधून परत मिळविला. त्यांच्या लेखनातील दोन गुण, दुर्मीळ छापील साधनांवरील पकड आणि मूळ कागद हाती घेतल्यावाचून न बोलण्याची सवय, या संग्राहक वृत्तीतूनच आलेले आहेत. पोर्तुगीज, डच व जपानी अशा तिन्ही भाषांतील साधने ते एकाच प्रश्नाला लावू शकत. ‘द ख्रिश्चन सेंच्युरी इन जपान’ (१९५१) आणि मकाव–नागासाकी व्यापाराची वर्षवार बखर म्हणावी असे ‘द ग्रेट शिप फ्रॉम अमाकॉन’ (१९५९) हे ग्रंथ या त्रिवेणीमुळेच आजही टिकून आहेत. जपानविषयी लिहिताना बॉक्सर किनाऱ्यावर उतरतात, एवढे येथे नोंदवून ठेवू. गोव्याच्या बाबतीत तसे घडले काय, हा आमचा प्रश्न आहे.

प्रथम त्यांच्या धैर्याविषयी. १९५१ साली पोर्तुगालने घटनादुरुस्ती करून वसाहतींना ‘सागरपार प्रांत’ असे नाव दिले. त्याच वर्षी ब्राझीलचे समाजशास्त्रज्ञ जिल्बेर्तु फ्रेइरे गोव्यात आले आणि तेथील व्याख्यानात त्यांनी ‘लुसो-उष्णकटिबंधीय’ संस्कृतीची कल्पना मांडली. पोर्तुगीज माणूस वर्णद्वेष जाणत नाही, तो जेथे जातो तेथे मिसळून जातो, असा तिचा मथितार्थ. सालाझारच्या राजवटीस हे तत्त्वज्ञान फारच सोयीचे होते. १९६१ साली अंगोलात उठाव झाला, डिसेंबरात गोवा मुक्त झाला, आणि या दाव्याचा उच्चार अधिकच मोठ्याने होऊ लागला. अशा वेळी बॉक्सर यांनी अमेरिकेतील व्हर्जिनिया विद्यापीठात तीन व्याख्याने दिली. ती १९६३ साली ‘रेस रिलेशन्स इन द पोर्तुगीज कलोनियल एम्पायर’ या छोट्या पुस्तकाच्या रूपाने प्रसिद्ध झाली.

पुस्तकात आवेश नाही, कागद आहेत. बाप्तिस्मा घेतलेल्या गोमंतकीयांनाही धार्मिक संघांत प्रवेश नाकारला जात होता, ‘रक्तशुद्धी’चे नियम केवळ ज्यूंच्या वंशजांपुरते नव्हते, दिवाडीचे ब्राह्मण मातेउश द कास्त्रु यांना १६३७ साली रोमने बिशप केले, तरी गोव्यातील पोर्तुगीज धर्माधिकाऱ्यांना ते पचले नाही, पोंबालच्या काळात, १७६१ साली, ख्रिस्ती झालेल्या आशियाई प्रजेस पोर्तुगालात जन्मलेल्या गोऱ्यांच्या बरोबरीचा दर्जा देणारा हुकूम निघाला, पण गोव्यातील अधिकाऱ्यांनी तो गुंडाळून ठेवल्यामुळे पुन्हा काढावा लागला. यांतील एकही बाब कोण्या शत्रूच्या लेखणीतून आलेली नाही. सारी पोर्तुगीजांच्याच दप्तरातील आहे. लिस्बनचा रोष ओढवला. नकाशांचे थोर अभ्यासक आर्मांदु कॉर्तेझाँव यांच्यासारख्या जुन्या स्नेह्यानेही जाहीर टीका केली. ज्या देशाच्या अभ्यासावर आपली सारी प्रतिष्ठा उभी आहे, त्या देशाच्या सरकारला नको असलेले सत्य सांगणे सोपे नसते. ज्यांना ग्रंथालयांचे दरवाजे मिटण्याची भीती वाटते ते अभ्यासक काय करतात, हे आपण सर्वांनी पाहिलेले आहे.

दोन वर्षांनी आलेले ‘पोर्तुगीज सोसायटी इन द ट्रॉपिक्स’ (१९६५) आम्हांस याहूनही मोलाचे वाटते. गोवा, मकाव, बाहिया आणि लुआंडा या चार नगरांच्या नगरसभांचा हा तौलनिक अभ्यास आहे. गोव्याच्या सभेत कारागिरांचे प्रतिनिधी बसत, ही नोंद वाचून थांबावेसे वाटते. व्हाइसरॉय येत आणि जात. ही सभा आणि मिझेरिकॉर्दिया हा दानधर्माचा संघ मात्र टिकून राहत. साम्राज्य या दोन संस्थांनी सांधून धरले होते हा त्यांचा निष्कर्ष ‘द पोर्तुगीज सीबॉर्न एम्पायर’ (१९६९) मध्ये एका स्वतंत्र प्रकरणात पुन्हा येतो, आणि तो पटतो.

मात्र येथेच आमची अडचण सुरू होते. नगरसभा ही मुख्यतः कझादोंची, म्हणजे तेथे संसार थाटलेल्या पोर्तुगीजांची. तिच्या खिडकीतून दिसणारा गोवा म्हणजे धक्का, गोदाम, चर्च आणि इस्पितळ. गावकरी, कोमुनिदाद, शेणवी, गावडे हे खिडकीबाहेर राहतात. शिवाय बॉक्सर यांचे आवडते साक्षीदार पाहावेत. गोव्याच्या दप्तराचे पहिले रक्षक दियोगु दु कोउतु यांच्यावर त्यांचा विशेष लोभ. कोउतु हा चिडलेला, स्पष्टवक्ता, जुने वैभव आठवून हळहळणारा लेखक. त्याचे बोट धरले की साम्राज्य प्रत्येक पानावर कुजताना दिसू लागते. ऱ्हासाची ही कथा पुढे संजय सुब्रह्मण्यम यांच्यासारख्यांनी (१९९३) पुष्कळ सैल केली. कोउतु १६१६ साली गोव्यात वारला. त्याच वर्षी राचोल येथे फादर स्टीफन्स यांचे मराठी क्रिस्तपुराण छापले गेले. मराठी न वाचणाऱ्यास ते ग्रंथसूचीतील एक नोंद म्हणून भेटते. ओवी ऐकणारा सासष्टीचा नवख्रिस्ती श्रोता त्यास भेटत नाही.

या जागी पांडुरंग पिसुर्लेकर (१८९४–१९६९) यांचे स्मरण अपरिहार्य आहे. बॉक्सर यांनी गोव्याच्या दप्तराची ओळख इंग्रजी वाचकांस करून देणारा लेख १९५२ साली लंडनच्या प्राच्यविद्या संस्थेच्या नियतकालिकात लिहिला. त्याच १९५२ साली पिसुर्लेकरांचा पोर्तुगीज राजनीतीतील हिंदू, मुसलमान, ज्यू व पारशी वकिलांवरचा ग्रंथ निघाला. एकच दप्तर, दोन वाचक. बॉक्सर यांच्या साम्राज्यात सर्वजण पोर्तुगीज बोलतात. पिसुर्लेकर दाखवितात की त्या साम्राज्याचे तोंड बहुधा शेणवी दुभाष्याचे होते. तो मराठ्यांच्या दरबारी जाई, मोडी खलिते वाचून दाखवी आणि दोन्हीकडचा कल जाणून परत येई. ‘पोर्तुगेज-मराठे संबंध’ (१९६७) वाचलेल्या माणसास बॉक्सर यांच्या १९६९ च्या ग्रंथातील मराठे फिकट वाटल्याशिवाय राहत नाहीत. ते येतात, १७३९ साली वसई घेतात आणि पानावरून निघून जातात. चिमाजी अप्पांच्या वसईच्या गोष्टी ऐकतच वाढलेल्या बडोदे-ग्वाल्हेरकडच्या घरांतून ही तक्रार भावनेपोटी होण्याचा संभव आहे, हे आम्ही जाणतो. पण ती साधनांची तक्रार आहे. जपानी साधनांसाठी ज्याने भाषा शिकून घेतली, त्याने कोकणासाठी तो खटाटोप केला नाही.

याचा अर्थ पिसुर्लेकर थोर आणि बॉक्सर उथळ असा कोणी काढू नये. पिसुर्लेकरांना गोव्याबाहेर पाहण्याची निकड नव्हती. बाहियाची नगरसभा शेजारी ठेवल्यावाचून गोव्याच्या सभेचे वेगळेपण कळत नाही, हे बॉक्सर यांनीच दाखविले. १९७९ साली तेओतोनियु द सोउझा यांनी ‘मिडीव्हल गोवा’मध्ये गावकरीच्या अंगाने जो समाज उभा केला, तो या दोन वाटांच्या मधला आहे, आणि मायकेल पिअर्सन यांचे ‘द पोर्तुगीज इन इंडिया’ (१९८७) हेही त्याच दिशेचे.

बॉक्सर यांचे तीनशेहून अधिक लेख-ग्रंथ आहेत. सगळे वाचावेत असे कोणास सांगणे जुलूम होईल. डच साम्राज्यावरील पुस्तक प्रस्तुत विषयापुरते बाजूस ठेवण्यास हरकत नाही. मराठीत काही आणावयाचे झाल्यास ‘रेस रिलेशन्स’मधील मोझांबिक व भारत यांवरील प्रकरण प्रथम घ्यावे, आणि त्याच्याच शेजारी, त्याच पुस्तकात, पिसुर्लेकरांच्या वकिलांपैकी दोघा-तिघांची चरित्रे छापावीत.