त्याग आणि निवड : सिराज औरंगाबादीच्या वाङ्मयीन जीवनाचा एक अन्वयार्थ

१

भक्तिकाव्याच्या परंपरेत कवीइतकेच महत्त्व त्याचे शब्द उतरून घेणाऱ्यालाही असते. वाङ्मयेतिहासात मात्र त्याची दखल बहुधा एखाद्या कृतज्ञ वाक्यापुरतीच घेतली जाते. तुकारामाचे अभंग लिहून ठेवणारे संताजी जगनाडे हे चाकणचे; त्यांची समाधी सुदुंबऱ्यास आहे. पिंपरी-चिंचवड आणि चाकण यांच्या परिसरातील जो पट्टा आज कारखानदारीसाठी ओळखला जातो, त्याच पट्ट्यात देहू, सुदुंबरे आणि चाकण ही गाथेच्या संहितेशी निगडित स्थळे आहेत. वि. ल. भावे यांनी १९१९-२० मध्ये संताजींच्या वह्यांच्या आधारे तुकारामाचा ‘अस्सल गाथा’ प्रसिद्ध केला, तेव्हा संहितेच्या शुद्धतेची चर्चा पुष्कळ झाली. तिच्या मुळाशी असलेला प्रश्न मात्र मागेच राहिला. रामेश्वरभट्टांच्या आक्षेपानंतर तुकारामाच्या वह्या इंद्रायणीत बुडवल्या गेल्या, असे परंपरा सांगते. एकीकडे कवितेचे विसर्जन आणि दुसरीकडे तिचे जतन, ही दोन्ही कार्ये भक्तिकाव्याला एकाच वेळी आवश्यक का वाटावीत, हा तो प्रश्न होय.

तुकारामाच्या बाबतीत ही दोन कार्ये दोन व्यक्तींमध्ये विभागलेली आहेत. त्याच्यानंतर सुमारे शतकाने औरंगाबादेत, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरात, होऊन गेलेल्या सिराज या उर्दू कवीच्या ठायी ती एकत्र आलेली दिसतात. सिराजने गझल लिहिली, पीराच्या आज्ञेने ती लिहिणे थांबवले आणि पुढे इतरांच्या काव्याचे संकलन केले. या तीन टप्प्यांपैकी पहिल्याचीच चर्चा बहुतेक ठिकाणी होते. दुसरा आख्यायिकेच्या आणि तिसरा ग्रंथसूचीच्या स्वाधीन केला जातो. वस्तुतः तिसऱ्या टप्प्याखेरीज पहिल्या दोहोंचा अर्थ पुरता लागत नाही.

२

सय्यद सिराजुद्दीन याचा जन्म सामान्यतः १७१२ मधला मानला जातो. त्याचा मृत्यू १७६४ मध्ये झाला. बालवय सरते न सरते तोच त्याला एका उन्मनी अवस्थेने घेरले, आणि ती सुमारे सात वर्षे टिकली. या काळात तो खुलताबादेतील बुऱ्हानुद्दीन गरीब यांच्या दर्ग्याच्या परिसरात भटकत असे. त्या अवस्थेत त्याच्या तोंडून फारसी काव्य बाहेर पडत असे. परंतु ते कोणी उतरून घेतले नाही. पुढे तो चिश्ती परंपरेतील शाह अब्दुर्रहमान यांचा मुरीद झाला. याच काळात, गुरुबंधू अब्दुल रसूल खान यांच्या आग्रहामुळे, तो रेख्त्यात म्हणजे तत्कालीन उर्दूत लिहू लागला. हिजरी ११५२ मध्ये, म्हणजे १७३९-४० च्या सुमारास, अब्दुल रसूल खान यांनीच त्याचा दीवान सिद्ध केला. या वेळी कवीचे वय तिशीच्याही आत होते. त्यानंतर पीराच्या आदेशावरून त्याने काव्यरचना सोडली.

खुलताबादेचा संदर्भ येथे केवळ स्थलवर्णनाचा नाही. बुऱ्हानुद्दीन गरीब हे दिल्लीच्या निजामुद्दीन औलियांचे शिष्य. ते दौलताबादेस आले आणि १३३७ मध्ये निवर्तले. निजामुद्दीनांची प्रवचने ‘फवाइद-उल-फुआद’ या ग्रंथात नोंदवून ठेवणारा फारसी कवी अमीर हसन सिज्झी हाही खुलताबादेतच विसावला आहे. स्वतः समर्थ कवी असूनही गुरूच्या शब्दांचा लेखनिक होण्यात धन्यता मानणारी ही परंपरा सिराजच्या चारशे वर्षे आधीपासून त्या भूमीत रुजलेली होती. सिराजचा त्याग या पार्श्वभूमीवर पाहिला पाहिजे. कविता हीन आहे म्हणून ती सोडायची, असा या परंपरेचा आग्रह नाही. कवितेतील ‘मी’ कोणाच्या सेवेत आहे, हा तिचा प्रश्न आहे.

३

सिराजची कीर्ती मुख्यतः ज्या एका गझलेवर उभी आहे, ती प्रेमातील विस्मयाचा वृत्तांत सांगणारी गझल कव्वालांनी आणि गायकांनी आजवर जिवंत ठेवली आहे. तिचे वृत्त कामिल : दोन लघू, एक गुरू, एक लघू, एक गुरू हा गण चार वेळा. दोन लघूंनी उचल घेऊन गुरूवर टेकणाऱ्या या चालीत श्वास सतत पुढे ढकलला जातो. उन्मनी अवस्थेचा आवेग शब्दांत यावा त्याआधी तो लयीत आलेला असतो.

परंतु या गझलेचे खरे कार्य तिच्या रदीफेत आहे. ‘राहणे’ या अर्थाच्या क्रियापदाचे भूतकाळी रूप प्रत्येक शेराच्या अखेरीस येते. आरंभी ते नकाराला जोडलेले आहे : वेड उरले नाही, प्रेयविषय उरला नाही, ‘तू’ आणि ‘मी’ हा भेदही उरला नाही. आणि मग तेच क्रियापद नकार टाकून उभे राहते. उरते ती केवळ बेखबरी. नाहीसे होण्याची ही यादी ज्या शब्दाने संपते, तो शब्द मात्र प्रत्येक शेरात उरतच असतो. सूफी परिभाषेत ज्यांना ‘फना’ आणि ‘बका’, म्हणजे विलय आणि अवशेष, असे म्हणतात, त्या दोन संकल्पनांचा संबंध येथे विधानातून नव्हे, तर गझलेच्या रचनाबंधातून सिद्ध होतो. रदीफ ही पुष्कळदा केवळ नादाची सोय असते. सिराजच्या हाती ती विचाराची जागा बनते.

याच गझलेत ग्रंथाचीही एक प्रतिमा आहे. प्रेमाची शिकवण सुरू होताच बुद्धीचे पुस्तक बाजूला पडते, असा तिचा आशय. या प्रतिमेवरून सिराजला ग्रंथविरोधी, बुद्धिविरोधी कवी ठरवण्याचा मोह सहज होतो. भक्तिकाव्याच्या अनेक अभ्यासकांनी अशा प्रतिमांचे असेच सुलभीकरण केले आहे. परंतु कवीच्या उत्तरायुष्याकडे पाहिले, तर हे वाचन टिकत नाही. पुस्तक बाजूला ठेवणाऱ्या या कवीने पुढे इतरांचे दीवान हाती घेतले, ते चाळले, त्यांतून वेचे निवडले आणि त्यांना प्रस्तावना लिहिली.

४

हे संकलन म्हणजे ‘मुंतखब दीवानहा’, निवडक दीवान. शीर्षकातील अक्षरांची अबजद पद्धतीने बेरीज केली, तर ‘मुंतखब’चे १०९२ आणि ‘दीवानहा’चे ७७ मिळून ११६९ होतात. हेच ग्रंथाचे हिजरी वर्ष, म्हणजे १७५५-५६. संकलनातील कवी फारसी आहेत. सिराजच्या चरित्राची जी विश्वसनीय माहिती आज उपलब्ध आहे, तिचा मोठा भाग याच ग्रंथाच्या प्रस्तावनेतून येतो, ही बाब दुर्लक्षिण्याजोगी नाही. उन्मनी अवस्थेची वर्षे, हरवलेली फारसी रचना, गुरुबंधूचा आग्रह आणि पीराची आज्ञा यांचे निवेदन त्याने स्वतःच्या दीवानाच्या निमित्ताने केले नाही. इतरांच्या कवितेला लिहिलेल्या प्रास्ताविकात केले. स्वतःविषयी बोलण्याचा अधिकार त्याने संकलक या नात्याने घेतला.

येथे एक अन्वय सुचतो. सिराजची स्वतःची पहिली कविता फारसी होती आणि ती कोणी उतरून घेतली नाही. तिच्या जागी त्याने उत्तरायुष्यात इतरांची फारसी कविता उतरून घेतली. जे आपल्या तोंडून आले आणि नाहीसे झाले, ते दुसऱ्यांच्या शब्दांत शोधणे व राखणे, असे या संकलनाचे स्वरूप मानता येते. तसे मानल्यास ‘त्याग’ आणि ‘निवड’ या परस्परविरोधी कृती राहत नाहीत. आपला शब्द सोडल्यावरच दुसऱ्याचा शब्द निरपेक्षपणे ऐकू येतो; आणि असे ऐकणे हीच समीक्षेची पहिली अट आहे.

यावर दोन आक्षेप संभवतात. पहिला असा की, त्यागाची ही कथा मुळातच निर्दोष नाही. ‘बोस्तान-ए-खयाल’ ही सिराजची मस्नवी दीवानानंतरची आहे. तिच्याही शीर्षकातून वर्ष निघते : ‘बोस्तान’चे ५१९ आणि ‘खयाल’चे ६४१ मिळून ११६०, म्हणजे इ. स. १७४७. तिच्या शेरांची संख्याही ११६० च सांगितली जाते. मौन पत्करलेल्या कवीने एवढी आखीव आणि हिशेबी रचना करावी, हे आख्यायिकेला अडचणीचे आहे. परंतु अडचण आख्यायिकेची आहे, सिराजची नव्हे. त्याग हा एका क्षणी घडून संपणारा प्रसंग नसून पुनःपुन्हा करावा लागणारा निर्णय असतो, एवढेच यातून दिसते. कविता सुटली तरी कवीचे कसब सुटत नाही. ते मस्नवीत एकदा उसळून आले आणि मग संकलनात स्थिरावले.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे. केवळ वेचे निवडणे ही समीक्षा म्हणता येईल काय? आधुनिक मराठी समीक्षेला सवय आहे ती युक्तिवादाची, निकषांच्या मांडणीची. फारसी-उर्दू परंपरेत मात्र ‘इंतिखाब’ ही निर्णयाचीच एक रीत होती. उस्तादाने शिष्याच्या शेरात केलेली दुरुस्ती, मुशायऱ्यातील दाद, तजकिऱ्यातील दोन ओळींचा अभिप्राय आणि निवडलेला शेर ही सर्व मूल्यमापनाचीच रूपे होत. त्यांत निकष सांगितलेला नसतो, वापरलेला असतो. अठराव्या शतकातील औरंगाबाद या प्रकारच्या समीक्षेचे मोठे केंद्र होते. फारसी कवींचे तजकिरे लिहिणारे आझाद बिलग्रामी तेथे राहत होते. त्यांचे शिष्य लछमीनारायण शफीक यांनी हिजरी ११७५ मध्ये, म्हणजे १७६१-६२ त, ‘चमनिस्तान-ए-शुअरा’ हा रेख्त्याच्या कवींचा तजकिरा सिद्ध केला. त्याच्याही शीर्षकाची बेरीज ११७५ च येते. याच शफीक यांनी मराठ्यांचा इतिहासही फारसीत लिहिला. दिल्लीत मीर तकी मीर याने १७५२ च्या ‘निकात-उश-शुअरा’त दखनच्या कवींना कमी लेखले होते, त्याचा प्रतिवाद शफीक यांनी औरंगाबादेतून केला.

या तुलनेत सिराजची मर्यादाही स्पष्ट होते, आणि ती नोंदवणे आवश्यक आहे. आपल्या प्रदेशाच्या भाषेची बाजू शफीक यांनी मांडली. सिराजने मात्र निवड केली ती फारसीतून. ज्या भाषेत त्याने आपली श्रेष्ठ कविता लिहिली, तिच्यातील पूर्वसूरींकडे, वलीसारख्या औरंगाबादच्याच कवीकडे, त्याचा संकलक म्हणून कौल नाही. प्रतिष्ठेची भाषा आणि अनुभवाची भाषा यांतील हे अंतर त्याच्या समीक्षेने ओलांडले नाही. त्याच्या कवितेने ते आधीच ओलांडले होते. कवी सिराज समीक्षक सिराजच्या पुढे होता, असेच म्हणावे लागेल.

५

सिराजचे समग्र काव्य अब्दुल कादिर सरवरी यांनी १९४० मध्ये हैदराबादेत संपादित केले. त्यानंतर उर्दू वाङ्मयेतिहासात तो वली आणि दिल्लीचे कवी यांना जोडणारा दुवा म्हणून आला. म्हणजे त्याचे महत्त्व तो कोठे पोहोचवतो यावर ठरले. मराठी वाङ्मयेतिहासात तर त्याला स्थानच नाही. रा. चिं. ढेरे यांनी मुसलमान मराठी संतकवींचा शोध घेतला, सेतुमाधवराव पगडी यांनी सूफी संप्रदायाची ओळख मराठी वाचकांना करून दिली. या कार्याचे मोल निर्विवाद आहे. परंतु महाराष्ट्रात राहून मराठीत न लिहिणारा भक्तकवी आपल्या समीक्षेच्या विचारविश्वात कसा आणावा, हा प्रश्न अनुत्तरितच आहे. भाषा हाच एकमेव निकष धरल्यास गाथेतील तुकारामाच्या दखनी रचनाही परक्या ठराव्या लागतील; आणि तसे कोणीही म्हणणार नाही.

सिराजला आपल्या विचारविश्वात आणणे म्हणजे त्याला ‘मराठी मातीतला कवी’ असे गौरवाचे प्रशस्तिपत्र देणे नव्हे. त्याच्या निमित्ताने आपल्याच काही गृहीतकांची तपासणी होऊ शकते, हा त्यातला खरा लाभ आहे. निर्मिती श्रेष्ठ आणि समीक्षा दुय्यम. भक्ती भावनेची आणि निवड बुद्धीची. मौन म्हणजे साहित्याचा अंत, ही तीन गृहीतके मराठी विचारात खोलवर रुजलेली आहेत. सिराजच्या जीवनक्रमात ती एकामागून एक डळमळतात. त्याने मौनानंतर वाचन केले, वाचनातून निवड केली आणि निवडीला साधनेइतकेच गांभीर्य दिले. चाकणच्या संताजींनी वह्या लिहिल्या त्या तुकाराम व्हावे म्हणून नव्हे, तर तुकारामाचा शब्द राहावा म्हणून. संताजी लेखनिक होते. सिराज आधी कवी होता, नंतर वेचणारा झाला. तरी दुसऱ्याच्या शब्दापुढे स्वतःला मागे ठेवण्याची शिस्त दोघांचीही एकच आहे. ‘सिराज’ या शब्दाचा अर्थ दिवा. आपल्या उजेडात दुसऱ्याचे अक्षर वाचता यावे, एवढ्यासाठी त्याने आपले नाव उत्तरायुष्यात वापरले. भक्तिकाव्याच्या समीक्षेने कवीची वाणी तर ऐकावीच; पण ती थांबल्यावर कवीने काय वाचले, काय वेचले आणि काय वगळले, याचाही हिशेब मांडावा. सिराजच्या बाबतीत तो हिशेब अजून मांडला जायचा आहे.