राष्ट्राध्यक्षांच्या घरातले साक्षीदार

अमेरिकी राजकीय चरित्रांत कुटुंबाला फार काळ दोनच जागा होत्या. पहिल्या प्रकरणात वंशावळ आणि शेवटच्या प्रकरणात मृत्युशय्या. मधल्या शेकडो पानांत नायक एकटाच वावरे. वास्तविक त्या पानांचा आधार असलेली पत्रे आणि डायऱ्या याच कुटुंबाने जपलेल्या, चाळलेल्या आणि निवडून चरित्रकाराच्या हाती दिलेल्या असत. साक्ष घरच्यांची आणि साक्षीदार निवडणारेही घरचेच, ही अडचण या वाङ्मयप्रकाराने दीडशे वर्षे अडचण म्हणून पाहिलीच नाही.

टॉमस जेफर्सन यांच्या चरित्रांत याची किंमत सर्वांत स्पष्ट दिसते. 1873 मध्ये ओहायोतील एका वृत्तपत्रात मॅडिसन हेमिंग्ज या सुताराचे निवेदन छापून आले. आपली आई सॅली हेमिंग्ज ही जेफर्सन यांची गुलाम होती आणि आपण व आपली भावंडे जेफर्सन यांचीच मुले आहोत, असे त्याने त्यात सांगितले. उलट बाजूला जेफर्सन यांच्या नातवंडांचे म्हणणे होते. नातवाने मुलांचे पितृत्व पीटर कार या जेफर्सन यांच्या भाच्यावर टाकले. नातीने 1858 च्या पत्रात त्याच्या भावाचे, सॅम्युएल कारचे नाव घेतले. एकाच घरातल्या दोघांनी दोन वेगळी माणसे सांगितली, तरी चरित्रकारांनी दोघांवर विश्वास ठेवला आणि मॅडिसनला खोटे ठरवले. डुमास मॅलोन यांचे सहा खंडांचे चरित्र (1948 ते 1981) त्या काळचे प्रमाण मानले जाई. असे वर्तन जेफर्सन यांच्या स्वभावात बसत नाही, हा त्यांचा मुख्य मुद्दा. पण सॅलीच्या प्रत्येक बाळंतपणाच्या नऊ महिने आधी जेफर्सन माँटिचेलो या आपल्या घरीच होते, हे मॅलोन यांनीच तयार केलेल्या कालपटावरून दिसत होते. फॉन ब्रोडी यांनी 1974 मध्ये या संबंधावर विश्वास ठेवून लिहिले, तेव्हा त्यांना मानसशास्त्राच्या नादी लागलेली लेखिका म्हणून बाजूला सारले गेले.

ॲनेट गॉर्डन-रीड यांचे 1997 चे पुस्तक म्हणूनच महत्त्वाचे ठरते. त्या मूळच्या कायद्याच्या प्राध्यापिका. नवे दफ्तर त्यांना सापडले नव्हते. जुनाच पुरावा त्यांनी न्यायालयात तपासावा तसा तपासला. कोण कुठे होता, कोणाला काय ठाऊक असण्याची संधी होती, खोटे बोलण्यात कोणाचा स्वार्थ होता, हे प्रश्न त्यांनी मॅडिसनला विचारले आणि नातवंडांनाही विचारले. पुढच्याच वर्षी डीएनए चाचणीत सॅलीच्या सर्वांत धाकट्या मुलाच्या, ईस्टनच्या वंशजाचा दुवा जेफर्सन पुरुषवंशाशी जुळला. कार बंधूंशी जुळला नाही. ही चाचणी पुरुषवंश सांगते, नेमकी व्यक्ती सांगत नाही, आणि तेवढ्या फटीतून काही मंडळी आजही वाद घालतात. पण गॉर्डन-रीड यांचा निष्कर्ष प्रयोगशाळेवर उभा नव्हता. तो आधीच उभा होता.

त्यांचे 2008 चे ‘द हेमिंग्जेस ऑफ माँटिचेलो’ आणखी पुढे जाते. येथे हेमिंग्ज हेच एक घराणे आहे, आजी, मावशा, भाऊ, पुतणे यांनी भरलेले. सॅली ही जेफर्सन यांच्या दिवंगत पत्नीची सावत्र बहीण. एकाच बापाच्या दोन मुली, एक मालकीण आणि दुसरी मालमत्ता. सॅलीचा भाऊ जेम्स पॅरिसमध्ये फ्रेंच स्वयंपाक शिकला, तिथे त्याला पगार मिळे आणि त्यातून त्याने फ्रेंच भाषेसाठी शिक्षक ठेवला. 1796 मध्ये स्वातंत्र्य मिळवून घर सोडताना त्याने स्वयंपाकघरातल्या भांड्यांची यादी स्वतःच्या अक्षरात लिहून ठेवली. ती यादी टिकली आहे. जेफर्सन यांच्या जुन्या चरित्रकारांना या कागदातून काही निघेल असे वाटले नव्हते. गॉर्डन-रीड यांच्या हाती तो एका कसबी माणसाचा पुरावा होतो.

याच वाटेवर एरिका आर्मस्ट्राँग डनबार यांचे ‘नेव्हर कॉट’ (2017) आहे. राष्ट्राध्यक्ष वॉशिंग्टन यांच्या फिलाडेल्फियातील घरातून 1796 मध्ये पळालेली गुलाम स्त्री ओना जज म्हातारपणी वृत्तपत्रांना मुलाखती देऊन गेली होती. रॉन चेर्नाव यांच्या सुमारे नऊशे पानांच्या वॉशिंग्टन-चरित्रातही ती येते, पण नायकाच्या स्वभावातला एक डाग म्हणून. डनबार तिच्या बाजूने घराकडे पाहतात आणि वॉशिंग्टनही अधिक कळतात.

रॉबर्ट कॅरो यांची लिंडन जॉन्सनवरील चार खंडांची इमारत वेगळ्या मातीची असली, तरी पुराव्याची निष्ठा तीच. जॉन्सन यांचा भाऊ सॅम ह्यूस्टन वर्षानुवर्षे घोटून गुळगुळीत झालेल्या आठवणी सांगे. कॅरो यांनी त्याला लहानपणीच्या घरात, जेवणाच्या टेबलाशी, त्याच्या नेहमीच्या जागी बसवले आणि बापलेकांची भांडणे सांगायला लावली. नंतर जुने गोड किस्से पुन्हा सांग म्हटल्यावर, ते घडलेच नव्हते असे तो म्हणाला. पहिल्या खंडात वीज येण्याआधीच्या टेक्सासमधल्या बायकांचे पाणी ओढणे आणि जड इस्त्र्या उचलणे यांवर अख्खे प्रकरण आहे, आणि जॉन्सन यांनी सत्तेतून काय साधले हे तिथेच समजते. दुसऱ्या खंडात प्रतिस्पर्धी कोक स्टीव्हन्सन फार सोवळा रंगवला आहे, हा दोष खरा.

बाकीच्यांबद्दल थोडक्यात. डेव्हिड मॅकलो यांची ‘ट्रूमन’ आणि ‘जॉन ॲडम्स’ वाचनीय आहेत. त्यांत नायक आवडू लागतो, त्याच्याबद्दलचा प्रश्न एकही उभा राहत नाही. एडमंड मॉरिस यांनी रेगन-चरित्रात काल्पनिक निवेदक घुसवून चौदा वर्षांची मेहनत वाया घालवली. ट्रम्प यांच्या पुतणीचे पुस्तक हे आरोपपत्र आहे, चरित्र नव्हे.

केनेडी घराण्याबाबत मात्र थांबावे लागते. 1941 मध्ये वडिलांच्या निर्णयाने राष्ट्राध्यक्ष केनेडी यांची बहीण रोझमेरी हिच्या मेंदूवर शस्त्रक्रिया झाली आणि तिचे बोलणे-चालणे कायमचे अधू झाले. 1962 मध्ये बहीण युनिस हिने रोझमेरीच्या मतिमंदत्वाविषयी जाहीरपणे लिहिले, शस्त्रक्रियेविषयी लिहिले नाही. आर्थर श्लेसिंजर यांचे राष्ट्राध्यक्ष केनेडींवरचे 1965 चे गाजलेले पुस्तक घरच्या माणसाने लिहिल्यासारखे आहे. डोरिस कर्न्स गुडविन यांनी 1987 मध्ये त्या शस्त्रक्रियेची वाच्यता केली आणि केट क्लिफर्ड लार्सन यांनी 2015 मध्ये रोझमेरीला स्वतःचे चरित्र दिले. तिने वडिलांना लिहिलेली पत्रे वाचल्यावर केनेडींच्या महत्त्वाकांक्षेवरची जुनी प्रकरणे पुन्हा लिहायला हवीत.

गॉर्डन-रीड यांच्यासारख्यांच्या या पद्धतीवर अंदाजाचा आरोप होतो. गुलामांच्या मनात काय होते हे कशावरून, असे विचारले जाते. वॉशिंग्टन यांनी डेलावेअर नदी ओलांडताना काय विचार केला, हे लिहिणाऱ्यांना मात्र तसे कोणी विचारत नाही. अंदाज दोन्हीकडे आहे. गॉर्डन-रीड आपला अंदाज कशावर टेकला आहे ते दाखवतात.

जॉन मीचम यांनी थोरल्या बुश यांच्या डायऱ्या मिळवून 2015 मध्ये चरित्र लिहिले आणि 2018 मध्ये त्यांच्या अंत्यविधीत श्रद्धांजलीचे भाषणही केले. मैत्री हा गुन्हा नाही, पण वाचकाने ती मैत्री पुराव्याच्या वजनात धरली पाहिजे. 1978 च्या कायद्याने राष्ट्राध्यक्षांचे शासकीय कागद राष्ट्राचे झाले. खाजगी कागद अजून घराण्याचेच आहेत, आणि ते कोणाला दाखवायचे हे घराणेच ठरवते. डेव्हिड नॅसॉ यांनी जोसेफ केनेडी यांचे चरित्र (2012) स्वीकारताना सर्व कागद पाहण्याची आणि उद्धृत करण्याची मोकळीक आधी मागून घेतली आणि तसे पुस्तकात सांगितले. प्रत्येक चरित्रकाराने हेच करावे. कोणते कागद मिळाले, कोणते नाकारले गेले, हस्तलिखित छापण्याआधी कुटुंबातल्या कोणी वाचले, हे पहिल्याच पानावर छापले जावे, आणि प्रकाशकांनी त्याशिवाय असे पुस्तक स्वीकारू नये.